‘अगम्य’ पर्वताचे दप्तर

पर्वताला भूगोल असतो आणि इतिहास असतो तो माणसाला, अशी एक सर्वसाधारण समजूत आहे. आगगाडीच्या खिडकीतून दिसणाऱ्या डोंगराचे नाव विचारावे, उंची विचारावी आणि पुढच्या स्टेशनाची वाट पाहावी, एवढाच बहुधा आपला त्याच्याशी संबंध येतो. परंतु काही डोंगर असे आहेत की, ज्यांच्यापायी माणसांनी कित्येक शतके कागद काळे केले. हुकूम सोडले, अहवाल धाडले, साक्षी नोंदविल्या, काव्ये रचली आणि खोटी चित्रेही काढली. फ्रान्सच्या आग्नेय भागातील मों एग्वीय हा असाच एक डोंगर होय. आल्प्सच्या महाशिखरांपुढे तो अगदीच लहान. त्याची उंची सुमारे २,०८५ मीटर, म्हणजे ६,८४० फुटांच्या आसपास. मों ब्लांच्या निम्मीही ती भरत नाही. तथापि मों ब्लांच्या माथ्यावर मनुष्याचे पाऊल पडले त्याच्या २९४ वर्षे अगोदर या लहानग्या डोंगरावर माणसे शिड्या लावून चढली होती, आणि तीही स्वतःच्या हौसेने नव्हे, तर सरकारी हुकुमाने. त्या चढाईची हकीकत आज आपणांस तपशीलवार ठाऊक आहे याचे कारण एवढेच की, तिचे दप्तर शिल्लक राहिले. कागदपत्रांच्या सहवासात दिवस घालविणाऱ्या आम्हा लोकांना ही कहाणी जिव्हाळ्याची वाटावी, म्हणून ती येथे थोड्या विस्ताराने सांगण्याचे योजिले आहे.

आल्प्सचा मुख्य गाभा हिमाच्छादित. त्याच्या पश्चिमेस, ऱ्होन नदीच्या खोऱ्याकडे उतरताना, चुनखडकांच्या कमी उंचीच्या रांगांचा एक पट्टा लागतो. त्याला फ्रेंच लोक ‘प्रेआल्प’, म्हणजे आल्प्सच्या पुढचे डोंगर म्हणतात. आपण त्यास आल्प्सचा उंबरठा म्हणावयास हरकत नाही. या पट्ट्यात ग्रनोबल शहराच्या नैर्ऋत्येस व दक्षिणेस वेर्कोर नावाचे विस्तीर्ण पठार आहे. त्याची पूर्वेकडील कड एखाद्या तटबंदीप्रमाणे त्रिएव्ह नावाच्या खोलगट प्रदेशावर उभी आहे. या तटापासून तुटून, जणू काही सैन्यातून एकच शिपाई चार पावले पुढे यावा तसा, मों एग्वीय एकटा उभा आहे. ‘एग्वीय’ म्हणजे सुई. अरुंद बाजूने पाहणाऱ्यास हे नाव सार्थ वाटते. परंतु रुंद बाजूने पाहिले म्हणजे तीच सुई एका लांबलचक भिंतीचे रूप घेते, आणि तिच्या माथ्यावर चक्क गवताचे कुरण असल्याचे दूरवरून जाणवते. पायथ्याच्या शिशिलियान गावातील शेतकऱ्यांची डोकी पिढ्यान् पिढ्या या भिंतीकडे पाहण्यासाठी वर वळत आली आहेत.

या डोंगराची घडण समजल्याखेरीज त्याचा इतिहास नीट समजत नाही, म्हणून प्रथम तिकडे वळू. डोंगराचे दोन भाग अगदी स्पष्ट दिसतात. खालचा भाग उतरता असून झाडीने व चराईच्या रानांनी झाकलेला आहे. वरचा भाग म्हणजे सुमारे ३०० मीटर उंचीचा, चारही बाजूंनी उभा तुटलेला कडा. हा फरक खडकांच्या जातीचा आहे. आज जेथे आल्प्स आहेत तेथे क्रिटेशस कालखंडात, म्हणजे बारा-तेरा कोटी वर्षांपूर्वी, समुद्र होता. त्याच्या तळाशी प्रथम बारीक गाळ साचत गेला. चुना आणि चिकणमाती यांच्या मिश्रणाचा हा गाळ पुढे मऊसर खडक बनला. भूशास्त्रज्ञ त्याला मार्ल म्हणतात. नंतर, ज्या काळास बॅरेमियन असे नाव आहे त्या काळात, तेथे शंखशिंपल्यांचा आणि इतर सागरी जीवांच्या कवचांचा चुरा थरावर थर साचला आणि त्यापासून कठीण चुनखडक तयार झाला. मार्लचा उतार खाली आणि चुनखडकाचा कडा वर, अशी ही मांडणी मुळात समुद्राने केलेली आहे. आपल्या सह्याद्रीचे कडे तप्त लाव्ह्याच्या थरांचे. ते सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वीचे. म्हणजे सह्याद्रीचा कातळ जन्मास येण्यापूर्वीच या फ्रेंच डोंगराचा दगड समुद्रात तयार होऊन बसला होता. डोंगर म्हणून तो उभा राहिला मात्र पुष्कळ नंतर.

आफ्रिका आणि युरोप या दोन भूखंडांच्या रेट्याने आल्प्स वर उचलले गेले, तेव्हा हे सागरतळाचे थरही वर आले. पुढचे काम पाण्याने आणि थंडीने केले. पावसाचे व वितळत्या बर्फाचे पाणी मऊ मार्ल झपाट्याने धुऊन नेते. खालचा आधार गेला की वरच्या चुनखडकाचा भाग लोंबकळू लागतो आणि त्यातील उभ्या भेगांमधून तुटून खाली कोसळतो. त्यामुळे कडा मागे सरकतो खरा, परंतु त्याचा उभेपणा कायम राहतो. भेगांत शिरलेले पाणी हिवाळ्यात गोठून फुगते आणि पाचरीसारखे खडक फोडते. अशा रीतीने वेर्कोरच्या पठाराची पूर्व कड हळूहळू मागे हटली, ओढ्यांनी मधला भाग कोरून नेला आणि पठाराचा एक तुकडा तेवढा मागे उरला. तोच मों एग्वीय. अशा मागे उरलेल्या डोंगरास फ्रेंच भूशास्त्रात ‘बुत-तेम्वँ’, म्हणजे साक्षीदार टेकडी, अशी संज्ञा आहे. पठार एके काळी कोठवर पसरले होते याची साक्ष तो देतो म्हणून साक्षीदार. माथ्यावरील कुरणाचे रहस्यही हेच: ते कुरण म्हणजे जुन्या पठाराच्याच थरांचा, किंचित कललेला, तुटून राहिलेला तुकडा आहे.

ज्या उभ्या भेगांमुळे कडा कोसळतो, त्याच भेगा पुढे रुंदावून घळी आणि कपारी बनतात. ज्या आडव्या थरांच्या सांध्यांवर झीज कमीजास्त होते, तेथे अरुंद पायवाटेएवढ्या कडा सुटतात. म्हणजे डोंगराला मोडणारी आणि माणसाला वर नेणारी वाट एकच. दुरून गुळगुळीत भिंतीसारख्या दिसणाऱ्या कड्यावर जवळून पाहिल्यास पायऱ्या, खाचा आणि नळ्या असतात. परंतु जवळ जाऊन पाहण्याचे कष्ट घेणार कोण? मध्ययुगातील विद्वानांनी ते घेतले नाहीत, आणि डोंगराच्या लौकिक इतिहासास येथूनच आरंभ होतो.

तेराव्या शतकाच्या आरंभी टिलबरीचा जर्व्हेज नावाच्या इंग्रज पंडिताने सम्राट चौथा ओटो याच्या मनोरंजनासाठी जगातील नवलांचा एक लॅटिन ग्रंथ रचला. त्यात ग्रनोबलच्या धर्मप्रांतातील एका अत्युच्च कड्याचा उल्लेख आहे. समोरच्या कड्याच्या ‘बरोबरीचा’ अशा अर्थाने त्याचे नाव त्याने ‘एक्वा इल्ली’ असे दिले आहे, आणि त्याच्या अगम्य माथ्यावर वाळत घातलेली पांढरी शुभ्र वस्त्रे अधूनमधून दिसतात, असे लिहिले आहे. ती कोणी धुतली व कोणी वाळत घातली, हे अर्थातच कोणास ठाऊक नव्हते. उन्हाळ्यातही कपारीत राहणारे बर्फाचे पट्टे लांबून धुतलेल्या वस्त्रांसारखे दिसत असतील, असा तर्क आज करता येतो. पण ज्या डोंगरावर कोणी जाऊ शकत नाही त्याच्या माथ्यावर काहीही ठेवता येते; तेथे कल्पनेला अडविणारा नाही. पुढे दोफिने प्रांताच्या ‘सात आश्चर्यां’त या डोंगराची गणना झाली आणि ‘मों इनाक्सेसिब्ल’, म्हणजे अगम्य पर्वत, हेच त्याचे नाव रूढ झाले.

हा दोफिने प्रांत १३४९ साली फ्रान्सच्या राजघराण्याकडे आला. तेव्हापासून फ्रान्सच्या युवराजास ‘दोफँ’ ही पदवी मिळू लागली. ग्रनोबल येथे १४५३ साली ‘पार्लमां’ नावाची वरिष्ठ न्यायसभा स्थापन झाली. नावावरून कायदेमंडळाचा भास होतो, परंतु ती वस्तुतः न्यायदान व नोंदणी करणारी संस्था होती. १४८३ साली आठवा चार्ल्स गादीवर आला तेव्हा तो अवघा तेरा वर्षांचा होता. एम्ब्रूनच्या देवस्थानाच्या यात्रेस जाताना दोफिनेतून प्रवास करीत असता त्याने या पर्वताची कीर्ती ऐकली, असे सांगतात. आपल्या राज्यात एखादी जागा अगम्य असावी हे तरुण राजास रुचले नसावे. त्याने हुकूम सोडला की, त्या डोंगरावर जाता येते किंवा कसे याचा शोध घ्यावा.

हुकूम ज्याच्या नावे सुटला तो आंत्वान द व्हील. हा दोंझ्युलियँचा जहागीरदार. म्हणजे मूळचा लोरेन प्रांतातला, दूर उत्तरेकडचा. राजाच्या सेवेत तो दक्षिणेत मोंतेलिमार येथे किल्लेदार होता. परमुलखात नेमणुकीवर असलेल्या अधिकाऱ्याकडे वरून एक विचित्र कागद यावा, तो परत पाठविता येऊ नये, आणि ‘हे काम आमच्या खात्याचे नाही’ असा शेराही मारता येऊ नये, अशी ही अवस्था आमच्या वाचकांस अपरिचित नसावी. द व्हीलने काय केले, तर काम ज्या जातीचे होते त्या जातीची माणसे गोळा केली. डोंगरावर चढणे म्हणजे किल्ल्यावर चढणे, असा त्याने हिशेब केला. वेढ्याच्या वेळी तटाला शिड्या लावणारा राजाचा शिडीवाला रेनो झ्युबिए, मोंतेलिमारच्या चर्चचा पाथरवट कातलँ सेर्व्हे, त्याच गावचा सुतार प्येर आर्नो, आणि त्यांखेरीज धर्मोपदेशक व इतर मंडळी असा तो ताफा होता. यात ज्याला आज गिर्यारोहक म्हणू असा एकही इसम नव्हता. तो शब्दही तेव्हा नव्हता. होते ते कारागीर. लाकूड कोठे टेकेल, दगड कोठे टिकेल, दोर कोठे बांधावा हे हातांना ठाऊक असलेली माणसे.

१४९२ च्या जून महिन्याच्या २६ तारखेस ही मंडळी माथ्यावर पोहोचली. कोलंबसाने अटलांटिक ओलांडण्यासाठी बंदर सोडले ते यानंतर ३८ दिवसांनी. दोन दिवसांनी, म्हणजे २८ जूनला, द व्हीलने माथ्यावरूनच ग्रनोबलच्या न्यायसभेच्या अध्यक्षास पत्र धाडले. हे पत्र म्हणजे या सर्व कहाणीचा कणा होय. त्यात बढाई नाही असे नाही, पण तीपेक्षा माहिती जास्त आहे. शिड्यांनी अर्धा कोस आणि इतर वाटेने एक कोस चढावे लागते, हे तो सांगतो. माथ्याचा घेर सुमारे एक फ्रेंच कोस, लांबी पाव कोस आणि रुंदी तीरकमठ्याच्या एका टप्प्याएवढी असून वर सुंदर कुरण आहे, हेही सांगतो. ३०० मीटरांच्या कड्यावर शिड्यांचा अर्धा कोस कसा मावेल, असा प्रश्न आज पडतो. परंतु हे मोजमाप सर्वेक्षकाचे नव्हे, थकलेल्या पायांचे आहे; आणि थकलेले पाय नेहमीच जास्त मोजतात. वाट इतकी भयंकर आहे की, आपण किंवा आपल्या सोबत्यांनी तशी कधी पाहिली नाही, आणि तरीही माथ्यासारखे रमणीय स्थळ आपण कधी पाहिलेले नाही, ही दोन्ही विधाने तो एकाच पत्रात करतो. ज्याने कधी अवघड कडा चढून वरच्या वाऱ्यात श्वास घेतला आहे, त्याला यात विसंगती दिसणार नाही.

माथ्यावर त्यांना शामोआ जातीच्या रानशेळ्यांचा कळप आढळला; त्यात त्याच वर्षीची पिल्ले होती. मंडळी वर येत असता एक पिल्लू मेले. ते आपल्या इच्छेविरुद्ध घडले, आणि राजाची आज्ञा होईपर्यंत एकाही जनावरास हात लावू देणार नाही, असे द व्हील मुद्दाम नमूद करतो. हा तपशील आम्हांस फार बोलका वाटतो. जो मुलूख नुकताच राजाच्या नावे दाखल झाला, त्यावरील जनावर हीदेखील सरकारी मालमत्ता, आणि तिच्या हानीची नोंद पहिल्याच कागदात झालीच पाहिजे! या शेळ्या येथून कधीच बाहेर जाऊ शकणार नाहीत, असे त्याचे मत पडले. येथे मात्र तो फसला असावा. ज्या अर्थी कळप वर होता, त्या अर्थी तो कोठून तरी वर आला होता. शिडीवाल्याच्या कित्येक पिढ्या अगोदर चार पायांच्या चढाईबहाद्दरांनी थरांच्या सांध्यांवरील त्या अरुंद कडा शोधून काढल्या होत्या. पर्वत अगम्य नाही याचा पहिला पुरावा माथ्यावर चरत होता, आणि त्याच्याकडे पाहून माणसांनी उलटाच निष्कर्ष काढला.

वर मंडळींनी प्रार्थना म्हटल्या, धर्मगुरूने मास साजरा केला, दगडांचे एक लहानसे घर बांधले आणि तीन मोठे क्रूस उभारले. परंतु द व्हीलला एवढ्याने समाधान नव्हते. त्याने अध्यक्षास कळविले की, आपले उत्तर येईपर्यंत मी येथून हलणार नाही. कोणास पाठवून खात्री करून घ्यावयाची असल्यास घ्यावी. थोडक्यात, त्याने स्थळपाहणीची मागणी केली. हुकूम पाळला एवढे पुरेसे नसते. तो पाळल्याचे तिऱ्हाइताने नोंदवावे लागते, हे त्या किल्लेदारास पक्के ठाऊक होते.

न्यायसभेने आपला एक बेलिफ पाठविला. हा गृहस्थ डोंगराच्या पायथ्याशी गेला. कड्याला लावलेल्या शिड्या त्याने स्वतःच्या डोळ्यांनी पाहिल्या. वर चढण्यास मात्र त्याने साफ नकार दिला. नुसत्या दर्शनानेच जेथे भीती वाटते तेथे जीव धोक्यात घालणे म्हणजे परमेश्वराची परीक्षा पाहण्यासारखे होईल, अशा आशयाचे कारण त्याने आपल्या जबानीत दिले. या बेलिफाची थट्टा अनेकांनी केली आहे. आम्हांस तो या कथेतील एक सज्जन वाटतो. शिड्या पाहिल्या, असे त्याने लिहिले. माथा पाहिला, असे लिहिले नाही. घरी बसून, दोन दिवसांचा भत्ता घेऊन, ‘समक्ष वर जाऊन खात्री केली’ असे लिहिणे त्यास अशक्य होते काय? पण त्याने आपल्या सहीखाली तेवढेच येऊ दिले जेवढे त्याच्या डोळ्यांखाली आले होते. म्हणूनच त्या जबानीचे आज मोल आहे. वर न चढलेल्या माणसाची साक्ष ही वर चढलेल्यांच्या साक्षीला सर्वांत बळकट आधार ठरली, कारण शिड्या होत्या हे सांगण्यात त्याचा काही स्वार्थ नव्हता.

इतके पक्के दप्तर तयार झाले, आणि पुढे काय झाले? काहीच नाही. १४९४ साली चार्ल्सने इटलीवर स्वारी केली; दरबाराचे लक्ष आल्प्सच्या पलीकडे गेले. १४९८ साली राजा वारला. शिड्या कुजल्या असतील, क्रूस वाऱ्याने पडले असतील. कागद ग्रनोबलला राहिले, आणि लोकांच्या मुखी राहिली ती दंतकथा. १५५२ साली राबलेच्या विनोदी महाग्रंथाचा चौथा भाग प्रसिद्ध झाला. त्यात या डोंगराचा उल्लेख येतो तो भूछत्राच्या आकाराचा म्हणून, म्हणजे वर रुंद आणि खाली अरुंद. त्यावर चढणाऱ्याचे नाव द व्हील राहिलेले नाही. तेथे चार्ल्स राजाच्या तोफखान्याचा अधिकारी दुआयाक आला आहे. शेळ्यांचा कळप जाऊन त्या जागी एकच म्हातारा मेंढा उरला आहे, आणि तो तेथे कसा पोहोचला याविषयी गरुडाने उचलून नेल्याची अटकळ आहे. साठ वर्षांत हकीकतीचे हे रूपांतर झाले! राबले विनोदकार होता, त्याला दोष देता येत नाही. परंतु पुढे गंभीर लोकांनीही तोच कित्ता गिरविला. सतराव्या शतकात दोफिनेच्या सात आश्चर्यांवर लॅटिन काव्य झाले. चित्रकारांनी डोंगर उलट्या सुळक्यासारखा, टोकावर उभा असलेला रेखाटला. अठराव्या शतकाच्या अगदी आरंभी पॅरिसच्या विज्ञान अकादमीच्या इतिवृत्तातही उलट्या पिरॅमिडची ही कथा शिरली होती, आणि थोड्याच वर्षांत ती दुरुस्त करावी लागली. मार्लचा पसरट पाया आणि त्यावर कडा, हे दृश्य पायथ्याच्या कोणत्याही गुराख्याने क्षणात सांगितले असते. पण गुराख्यास विचारतो कोण? ग्रंथावरून ग्रंथ आणि चित्रावरून चित्र निघत राहिले, आणि ज्या डोंगरावर मास झाला होता तो पुन्हा अगम्य झाला.

ही दुसरी अगम्यता मोडली ती एका अशाच साध्या माणसाने. १८३४ सालच्या जून महिन्याच्या १६ तारखेस पायथ्याच्या त्रेझान वाडीचा झां लिओतार हा कड्यावर चढला. त्याच्यासोबत निघालेले इतर जण मध्येच थांबले. लिओतार एकटा, अनवाणी, पुढे गेला आणि माथ्यावर पोहोचला. नोंदलेल्या चढायांपैकी ही दुसरी; पहिलीनंतर ३४२ वर्षांनी. त्याच्याजवळ राजाचा हुकूम नव्हता, शिडीवाला नव्हता, सुतार नव्हता. अनवाणी पायाने चुनखडकाची खाच चाचपीत तो गेला, आणि जे शास्त्र भूशास्त्रज्ञांनी पुढे पुस्तकात मांडले ते त्याने आपल्या तळपायांनी वाचले. ही चढाई कागदावर आली म्हणून आपण तिला दुसरी म्हणतो. मधल्या तीन-साडेतीन शतकांत हरवलेल्या शेळीच्या मागे जाऊन एखादा गुराखी वर पोहोचलाच नसेल, असे छातीठोकपणे कोण म्हणेल? पोहोचला असल्यास त्याने पत्र लिहिले नाही आणि बेलिफ बोलाविला नाही, एवढेच. दप्तराचे सामर्थ्य आम्ही वर गाइले आहे. त्याची मर्यादाही येथेच सांगितली पाहिजे. दप्तरात जे आहे ते घडले असे म्हणता येते. जे दप्तरात नाही ते घडलेच नाही, असे म्हणता येत नाही.

लिओतारनंतर वाट पुन्हा बंद झाली नाही. १८७४ साली फ्रेंच आल्पाइन क्लब स्थापन झाला, आणि त्याच दशकात या कड्याच्या अवघड जागी लोखंडी तारदोर बसविण्यात आले. आजची नेहमीची वाट वायव्येच्या बाजूने जाते. शिशिलियानकडून रानातून चढत सुमारे १,६०० मीटरांवरील ओपेच्या खिंडीत यावयाचे, तेथून दगडांच्या घसाऱ्यावरून कड्याच्या पायाशी जावयाचे आणि मग थरांच्या सांध्यांवरील अरुंद कडा, कपारी आणि घळी यांच्या आधाराने, अधूनमधून तारदोर धरीत, वर सरकत राहावयाचे. आजच्या प्रस्तरारोहणाच्या मोजपट्टीवर ही वाट कठीण गणली जात नाही. तथापि खालची पोकळी प्रत्येक पावलागणिक दिसत असल्यामुळे दोर बांधूनच जावे लागते, आणि वरून सुटणाऱ्या दगडांची भीती असतेच. उतरताना बहुतेक लोक नळीसारख्या एका खोल घळीतून दोरावरून खाली येतात. तिला तिकडे ‘त्युब्युलेर’ म्हणतात. विसाव्या शतकात याहून पुष्कळ सरळ आणि कठीण अशा वाटा निरनिराळ्या बाजूंच्या कड्यांवर व खांबांवर काढण्यात आल्या. कारागिरांची १४९२ ची वाट नेमकी कोणती, हे शिड्यांबरोबरच नाहीसे झाले आहे. ती आजच्या नेहमीच्या वाटेच्याच बाजूस असावी असे सामान्यतः मानतात, कारण कड्याने दिलेल्या भेगा तेव्हाही त्याच होत्या.

चढण्याचा आणखी एक मार्ग निघाला, तो तर द व्हीलच्या स्वप्नातही आला नसता. १९५७ साली आंरी झिरो या वैमानिकाने आपले लहानसे विमान माथ्यावरील कुरणावर उतरविले. ज्या गवताचे माप किल्लेदाराने तीरकमठ्याच्या टप्प्याने दिले होते, त्यावर चाके टेकली. १९७० साली वेर्कोरचे प्रादेशिक निसर्गोद्यान स्थापन झाले आणि त्यात या डोंगराचाही समावेश झाला. राजाची आज्ञा होईपर्यंत शामोआला हात लावू न देण्याचा तो जुना निर्बंध आठवून येथे थोडी मौज वाटते.

असो. या सर्व कहाणीतून आम्हांस काय दिसते ते सांगून हा लेख पुरा करू. मों एग्वीयविषयी दोन तऱ्हेचे कागद झाले. एका तऱ्हेचे कागद ज्यांनी लिहिले ते डोंगरापर्यंत गेले होते: किल्लेदार वरपर्यंत, बेलिफ पायथ्यापर्यंत. दुसऱ्या तऱ्हेचे कागद ज्यांनी लिहिले ते अगोदरच्या कागदापर्यंत गेले होते. भाषेचे सौंदर्य दुसऱ्या तऱ्हेच्या कागदांत अधिक होते, कीर्तीही त्यांनाच अधिक मिळाली, आणि तीन शतके राज्यही त्यांनीच केले. पहिल्या तऱ्हेचे कागद तोवर ग्रनोबलच्या दप्तरात पडून होते. ते नष्ट झाले असते तर १४९२ ची चढाई ही राबलेच्या म्हाताऱ्या मेंढ्याइतकीच खरी किंवा खोटी ठरली असती.

आमच्यापैकी पुष्कळांच्या हातून रोज असे कागद जातात. परप्रांतातील कोणत्यातरी गावी, कोणत्यातरी नदीच्या पुराविषयी, रस्त्याविषयी, पिकाविषयी आम्ही चार ओळी लिहितो आणि त्या बासनात बांधल्या जातात. त्या पुन्हा कोणी उघडील असे वाटत नाही. पाचशे वर्षांनी त्या कोणी उघडल्याच, तर लिहिणारा स्वतः कोठपर्यंत गेला होता एवढे त्यांवरून कळावे. त्या बेलिफाच्या जबानीवरून ते कळते: तो शिडीच्या पायापर्यंत गेला होता, आणि त्यापुढे गेलो असे त्याने लिहिले नाही.